नाउमला चावलेला चोर

ग्रीसमधल्या कास्तोरियाच्या तळ्यातले मासे हिवाळ्यात गळ्याभोवती फरची पट्टी वाढवतात, ही बातमी जगाला पहिल्यांदा दिली ती नाउमने. झीसिसच्या कॅफेत एक जर्मन पाहुणा बसला होता, त्याला. आपला आजा ती पट्टी सोलून अथेन्सच्या बायकांना विकायचा आणि उरलेला मासा गोरगरिबांत वाटायचा, हे नाउमने इतक्या सुतकी चेहऱ्याने सांगितलं, की त्या भल्या माणसाने माशाची ऑर्डर रद्द करून घेवड्याचं कालवण मागवलं. तेव्हापासून गावात कुणी थाप मारली की लोक म्हणतात, "नाउमचा मासा!"

आता फरच्या गावात थापाड्या निपजला यात नवल नाही. इथले लोक पिढ्यान्‌पिढ्या जगभरच्या कातड्यांचे उरलेसुरले तुकडे, पंजे, शेपट्या, गळ्याखालच्या चिंध्या गोळा करून आणतात आणि अशा बेमालूम जोडतात, की कोट घालणारीला वाटावं, एकच मोठं जनावर आपल्यासाठी जन्मलं आणि आपल्यासाठी आनंदाने मेलं. नाउमच्या बापाने जोडलेला एक कोट मॉस्कोच्या नाट्यगृहात खुंटीवरून उतरून स्वतःच्या पायांनी मालकिणीकडे चालत गेला होता म्हणे. ज्यांनी बापाची शिवण पाहिली आहे त्यांना यात अशक्य असं काही वाटत नाही.

नाउमही आधी शिवायचाच. पुढे नुसत्या शिवणीवर भागेना तेव्हा त्याने तळ्याच्या वरच्या टेकडीवर मिंकांचा, म्हणजे फरसाठी पाळतात त्या मुंगसासारख्या जनावरांचा, गोठा टाकला. लांबलचक शेड, तारेच्या पिंजऱ्यांच्या ओळी, आणि असा वास की वाऱ्याची दिशा गाव नाकाने ओळखे.

तर ऑक्टोबरात, दिमित्रियस संताच्या जत्रेच्या दुसऱ्या दिवशी, हा नाउम कॅफेत आला तो अंगठ्याला हे एवढं फडकं बांधून.

"गेली सगळी जनावरं," तो म्हणाला आणि खुर्चीत कोसळला. "पिंजरे उघडून सोडून दिली हरामखोरांनी. काल भर दुपारी! अख्खं गाव जत्रेत, मी एकटा गोठ्यावर."

झीसिसने न विचारता त्सिपुरो दारूचा पेला भरून पुढे ठेवला. "कोण होते?"

"दोघं. तोंडाला फडकी. एकाला मी धरला होता, धरलाच होता, पण चावला रे अंगठ्याला."

"चावला? माणूस?"

"माणूस कसला, प्राणी वाचवणारा चळवळवाला! मांस खात नाहीत ना ते, भूक कुठे जाणार?"

कॅफे हसलं, पण हळहळत हसलं. दुसऱ्या पेल्यापर्यंत दोघांचे चौघे झाले होते. तिसऱ्या पेल्याला त्यांच्यात एक दाढीवाली बाई आली. हवालदार स्तेर्गिओस चौकशीला आला तोवर तिच्या हातात पाना होता आणि ती डॅनिश बोलत होती. स्तेर्गिओसने सगळं इमानदारीने लिहून घेतलं. आरोपीचं वर्णन या रकान्यात त्याने लिहिलं: चावरा.

नाउम हसला नाही. फडक्याखाली अंगठा ठणकत होता, आणि त्यावरचे दात कुणाचे आहेत हे त्याला पक्कं ठाऊक होतं.

पिंजरे त्यानेच उघडले होते.

आता का उघडले, हे विचाराल तर त्याच्याकडे दोन उत्तरं होती आणि तो स्वतःला दिवसा एक सांगायचा, अंथरुणावर पडल्यावर दुसरं. दिवसाचं उत्तर असं: दया आली. तीस हिवाळे त्याने नोव्हेंबर सरता सरता, अंगावर दाट केस आले की, त्या जनावरांना एकेक करून विषारी धुराच्या पेटीत टाकलं होतं आणि पेटीवर बसून सिगरेट ओढली होती. यंदा पेटी धुवायला काढली आणि त्याला ओढताच येईना. सिगरेट तशीच बोटांत विझली.

हे खोटं नव्हतं. पण अंथरुणावरचं उत्तरही खोटं नव्हतं. पलीकडे रशियाचं युद्ध लागलं आणि रशियन बायका यायच्या बंद झाल्या. एके काळी त्या बसमधून उतरायच्या त्या एक कोट अंगावर आणि एक हातावर घेऊन परत चढायच्या. पॅरिसच्या मोठ्या दुकानांनी तर आधीच फर म्हटलं की नाक मुरडायला सुरुवात केली होती. लिलावातून कातडी जशी गेली तशी परत येत होती. मिंकांना घालायची कोंबडीची आतडी मात्र महाग, वीज महाग, बर्फ महाग. जगवावं तर तोटा, मारावं तर त्याहून तोटा. आणि विम्याच्या कागदावर रोगाला भरपाई नव्हती, भाव पडण्याला नव्हती, पण 'समाजकंटकांनी केलेल्या नुकसानी'ला होती. दया आली तेव्हा तो कागद नाउमच्या आतल्या खिशात होता.

मग ती दुपार. देवळाची घंटा, खाली मिरवणुकीचा बँड, आणि नाउम पिंजऱ्यांची दारं उघडत चाललेला. "जा बाबांनो, जा." पण एकही हलेना! जाळीवर जन्मलेली जनावरं ती. त्यांना जमीन म्हणजे काय ठाऊक? उघड्या दारातून ती नाउमकडे बघत बसली, हा आज रिकाम्या हाताने कसा आला म्हणून. शेवटी हातमोजा घालून एकेकाला मानेला धरून बाहेर ठेवावं लागलं. एका म्हाताऱ्या मादीने मोज्याच्या भोकातून अंगठा धरला तो सोडेचना. तिला स्वातंत्र्य द्यायला त्याला तिचा जबडा उचकटावा लागला.

एवढ्यावर संपतं तर नाउमने पचवलं असतं. त्याचं पोट मोठं होतं, थापांनी कमावलेलं.

पण तिसऱ्या दिवशी खाण्याच्या वेळेला ती परत आली. सगळी नव्हेत. काही रस्त्यावर गाड्यांखाली गेली होती, काही कुत्र्यांनी फाडली होती. उरल्यातली बरीच आली, चिखलाने माखलेली, बरगड्या दिसणारी, आणि आपापल्या पिंजऱ्याखाली येऊन बसली. कुणाचा पिंजरा कुणाचा, यात एकाचीही चूक नाही. वर तोंड करून चिरकू लागली.

विम्याचा माणूस त्याच दुपारी यायचा होता.

नाउमने त्यांना दगड मारले. आधी शेजारी पडतील असे, मग नेम धरून. ती पळायची आणि पुन्हा येऊन बसायची, कारण या हातातून आजवर खाणंच आलं होतं. शेवटी त्याने जुनी मोटारसायकल काढली आणि कर्णा वाजवत, शिव्या देत, रडत त्यांना टेकडीवरून खाली हाकललं. खाली होतं तळं.

मग काय व्हायचं ते झालं. भुकेलं मिंक पाण्यात उतरलं की त्याला कुणी शिकवावं लागत नाही. लव्हाळ्यांच्या बेटांत हिवाळ्यासाठी उतरलेल्या पाणकोंबड्या, डुबकी बदकं, सगळी झोपेतच सापडली. खाण्यापुरतंच मारायचं, हे त्या जनावराला कळत नाही. हलतं ते सगळं मारतं. कोळ्यांच्या होड्यांना सकाळी पिसं चिकटून यायला लागली. काठावरच्या घरांतल्या कोंबड्या संपल्या. एक हंस मान फाडलेल्या अवस्थेत घाटाच्या पायऱ्यांशी आला तेव्हा बायका कपडे तसेच टाकून घरी गेल्या.

गावाने ओरडा केला. आणि गावाला बोट दाखवायला माणूस तयारच होता: एवान्थिया, शाळेतली जीवशास्त्राची बाई.

ही एवान्थिया कोण, तर नाउमची धर्मकन्या. तिला बाप्तिस्म्याच्या पाण्यातून यानेच वर काढलेलं, अंगाला तेल यानेच चोळलेलं. इथे धर्मबापाला 'नोने' म्हणतात आणि सख्ख्या बापाच्या बरोबरीने मानतात. चार वर्षांची असताना नाउमने तिला मिंकाचा छोटा कोट शिवून दिला, तर तिने तो उलटापालटा करून विचारलं होतं, "नोने, याचं तोंड कुठे गेलं?" तेव्हापासून तिचं आणि गावाचं जमलं नाही. ती मुलांना निबंध घालायची 'मी पिंजऱ्यात जन्मलो तर'. ती बाजारात उभी राहून सांगायची की हा धंदा तसाही मरतोय, आपण आधी दुसरं काही शिकूया. फरवर जेवणाऱ्या गावात हे बोलणं म्हणजे कसायाच्या लग्नात पालेभाजी वाढणं.

त्या जत्रेच्या दुपारी ती कुठे होती? तळ्यावर, होडीत, पक्षी मोजत. साक्षीदार? पक्षी.

झालं तर मग. पालकांनी अर्ज केला की बाईची बदली दूरच्या बेटावर करा. सुनावणी जानेवारीत लागली, सोंगांच्या सणानंतरच्या आठवड्यात. बेकरीवाली तिला शिळा पाव द्यायला लागली. कुणीतरी तिच्या दाराला मेलेलं मिंक टांगलं. आणि नवल हे, की एवान्थिया ना हो म्हणे ना नाही.

"पोरीने कबूल केल्यातच जमा आहे," झीसिस म्हणाला. "नाउम, तुझं नशीब बघ. ज्या पोरीला तेल लावलंस तिचाच पाय तुझ्या पोटावर."

"सोड रे," नाउम म्हणाला आणि पेला उपडा केला. कॅफेत आताशा त्याच्याकडून पैसे घेत नव्हते. फुकटची दारू त्याला पूर्वी कधी इतकी कडू लागली नव्हती.

घरी थोमाई, त्याची बायको, वेगळाच राग धरून बसली होती. "तू तिच्याकडे एकदा तरी गेलास का रे? पोर वाळीत पडलीय आणि तिचा नोने कॅफेत दाढीवाल्या बायका पैदा करत बसलाय."

"जाईन."

"कधी? तिचं जहाज सुटल्यावर रुमाल हलवायला?"

गेला एकदाचा. हातात थोमाईने दिलेला कोबीच्या पानांतल्या खिम्याचा डबा. एवान्थियाच्या स्वयंपाकघरात ओट्यावर वर्तमानपत्र पसरलेलं आणि त्यावर पाणकोंबड्या ओळीने, माना वाकड्या. ती त्यांची मापं घेऊन वहीत टिपत होती.

"बसा, नोने. कॉफी मध्यम गोडच ना अजून?"

"मध्यमच." तो बसला. पक्ष्यांकडे पाठ येईल अशी खुर्ची त्याने शोधली, नव्हती. "पोरी, ते सुनावणीचं... तू सांगत का नाहीस, मी नाही केलं म्हणून?"

"विश्वास कोण ठेवेल?"

"मग कुणी केलं असेल हे तरी सांग. डॅनिश टोळीचं मी साक्षीला बोलतो. पाहिजे तर अजून दोघं वाढवतो."

एवान्थियाने कॉफी त्याच्यासमोर ठेवली आणि समोर बसली. "मी दुसऱ्या दिवशी गोठ्यावर आले होते, नोने. तुमचा अंगठा बघायला आले होते, खरं तर. तुम्ही कॅफेत होतात. शेड रिकामी होती. आणि प्रत्येक पिंजऱ्याचं दार लावलेलं होतं. वर कडी घातलेली."

नाउमने कप उचलला आणि तसाच ठेवला.

"चोर काय करतो? दार उघडून पुढे पळतो. जनावर बाहेर काढून मागे कडी कोण घालतं? ज्याला तीस वर्षं कडी घालायची सवय आहे तो. हवालदाराला नाही सुचलं, विमावाल्याला नाही सुचलं. या गावात फरवाला नसलेला माणूसच नाही, त्यामुळे लावलेली कडी कुणाला खटकलीच नाही. मी लहानपणी तुमच्याबरोबर खाणं घालायला यायचे. कडी विसरले की टपली मारायचात."



"मग सांगितलं का नाहीस?" नाउमने विचारलं.

"तुमचं मी का सांगू?" ती म्हणाली. रागावली असती तर बरं झालं असतं, पण ती रागावली नव्हती. "पिंजरे उघडा, असं मीच ओरडत होते ना इतकी वर्षं? उघडल्यावर पुढे काय, याचा मी तरी कुठे विचार केला होता? हे बघा." तिने एका पाणकोंबडीची मान बोटाने सरळ केली. ती परत वाकडी झाली. "बेटावर गेले तरी हे माझ्याबरोबर येणारच आहे. तुमचं तुम्ही बघा, नोने. डबा थोमाईकाकूंना धुऊन पाठवते."

तो घरी कसा आला ते त्याला आठवलं नाही. त्यानंतर त्याने कॅफेत एकही थाप मारली नाही. झीसिसने बायकोला सांगितलं, नाउमचं काही खरं नाही, डॉक्टरला दाखवायला हवं.

जानेवारीत सोंगांचा सण आला. तीन दिवस गल्लोगल्ली पितळी वाजंत्री, आणि आजीच्या पेटाऱ्यातला फाटका फर काढून जो तो अस्वल, नवरी, बिशप नाहीतर मंत्री होतो. मुखवट्याआड कोण ते विचारायचं नाही आणि मुखवट्याआडून बोललेलं मनावर घ्यायचं नाही, हा रिवाज. वर्षभरात जे झालं त्याचं सोंग चौकात काढायचं. यंदाचं सोंग कोणतं, ते सांगायलाच नको. झीसिसच्या टोळीत दाढीवाली डॅनिश बाई होती, चावरा चोर होता, आणि केसांचा अंबाडा घातलेला एक धटिंगण होता, हातात पुस्तक नि मेलेली कोंबडी: एवान्थिया. लोक हसून हसून भिंतींना टेकले होते.

खरी एवान्थिया घरात दार लावून बसेल असं सर्वांना वाटलं होतं. ती चौकाच्या कोपऱ्यावर उभी राहून बघत होती.

इतक्यात टोळीत एक मिंक शिरलं. डोक्यापासून पायापर्यंत तुकड्यातुकड्यांचा फर, आणि शिवण अशी की त्या गर्दीतही दोन म्हातारे कारागीर टोप्या काढून उभे राहिले. मिंक कारंज्याच्या कठड्यावर चढलं. बँड थांबला.

"गावकऱ्यांनो," मिंक म्हणालं, "मला कुणी परक्याने नाही सोडलं. माझ्या मालकाने सोडलं! भाव पडला म्हणून सोडलं. विमा होता म्हणून सोडलं. मानेला धरून काढलं, आणि जाताना कडी लावून घेतली, मी पुन्हा घरात शिरू नये म्हणून!"

चौक गडगडला. "वा! पुढे?"

"भूक लागली म्हणून परत आलो, तर दगड मारले!"

"नाउमला कोपरखळी! नाउम कुठाय? बोलवा त्याला!"

नाउमने मुखवटा काढला. घामाने केस कपाळाला चिकटलेले. "मी आहे. मीच केलं. या पोरीचा काही संबंध नाही. मीच."

 मग असा हशा पिकला, की वाळवणीसाठी फळ्यांवर ताणलेली कातडी म्हणे आपोआप सैल झाली. "नाउमचा मासा! नाउमचा मासा!" झीसिसने डोळे पुसत त्याला मिठी मारली. "बरा झालास रे! आम्ही घाबरलो होतो." चौघांनी त्याला खांद्यावर घेतला. तो लाथा मारत होता, ओरडत होता, "अरे खरं आहे, देवाशपथ खरं आहे," आणि दर शपथेला टाळ्या वाढत होत्या. कठड्याजवळून नेताना त्याला एवान्थिया दिसली. हजारभर माणसांत हसत नव्हती ती एकटी.

चौकीच्या वळणावर त्याने खांद्यावर घेणाऱ्या एकाचा कान चावला तेव्हा कुठे त्याला खाली टाकलं.

चौकीत हवालदार स्तेर्गिओस टेबलामागे नवरीच्या वेशात बसला होता. ड्यूटी होती, पण सणही होता. ओठांना लाली, मिशीला हात नाही. "बार्बा नाउम! काय सोंग काढलंत हो काका, खिडकीतून ऐकलं मी."

"लिहून घे."

"उद्या या. नाहीतर परवा. सण उतरू द्या."

"परवा माझी हिंमत उतरलेली असेल. आत्ता लिहून घे, पोरा."

स्तेर्गिओसने त्याच्याकडे नीट पाहिलं. मग डोक्यावरचा पदर मागे सारला आणि कागद ओढला. नाउम बोलत गेला. दया बोलला, विमा बोलला, तिसरा दिवस बोलला, नेम धरून मारलेले दगडही. कुठेही त्याने एक माणूस वाढवला नाही की एक जनावर कमी केलं नाही. हवालदाराचं पेन आधी गमतीत चाललं होतं. मग सावकाश झालं. मग त्याने बाहीने ओठांची लाली पुसली.

"हे... म्हणजे विम्याची फसवणूक, खोटी फिर्याद," तो म्हणाला. "पैसे परत जातील. गोठा विकावा लागेल. तुरुंगही लागू शकतो, बार्बा. बाईंचं नाव मात्र आजच निघेल. करा सही."

"पक्षी राहिले."

"कुठले पक्षी?"

"तळ्यातले. पाणकोंबड्या, बदकं, तो हंस. ते नाही आलं कागदावर."

स्तेर्गिओसने मागचं पान पाहिलं, पुढचं पाहिलं. "त्यांना रकाना नाही हो. नुकसान कुणाचं लिहू? ते कुणाच्या मालकीचे नव्हते. त्यांची तक्रार कुणी दिलेली नाही."

"मी देतो."

"कुणाविरुद्ध?"

"नाउम, बाप अथानासिस, फरवाला. राहणार इथलाच."

बाहेर वाजंत्री पुन्हा सुरू झाली होती. दारात एवान्थिया येऊन उभी होती, आत आली नव्हती. हवालदाराने दुसरा कागद घेतला, आणि वर काय मथळा द्यावा ते न सुचून पेन तसंच धरून बसला.

"किती मेले म्हणून लिहू?" त्याने विचारलं.

नाउमने तोंड उघडलं. आकडे सांगण्यात या गावात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. पण आज त्याला एकही सुचेना. त्याने दाराकडे पाहिलं.

"मला माहीत नाही," तो म्हणाला. "तिला विचार. ती सांगेल तेवढे सगळे माझ्या नावावर लिही."